भिंती घालण्याआधी

गुरुवारी दुपारी साडेबाराला चांदसाहेब पटवेगार न कळवता साताऱ्यात लेकीच्या दारात उभे राहिले, आणि आत येण्याआधी त्यांनी चौकटीशेजारच्या भिंतीवर बोटाची गाठ वाजवून बघितली. सवयच होती त्यांची. कुणाच्याही घरी गेले तरी आधी भिंत, मग माणूस.

"प्लास्टर सुटलंय इथं," ते म्हणाले. "पोकळ वाजतंय."

"भाड्याचं घर आहे, अब्बा. मालकाला सांगते."

"मालकाला काय कळतंय त्यातलं. आकाराम गवंड्याला पाठवून देतो."

सबीना हसली आणि बाजूला झाली. जेवणाच्या टेबलावर उत्तरपत्रिकांचा गठ्ठा पसरला होता. ती कॉलेजात इतिहास शिकवायची, आणि जानेवारीत दरवर्षी तिचं टेबल जेवणाचं राहत नसे. तिने एक कोपरा मोकळा केला. अब्बांचं निबंधक कार्यालयात काम होतं आणि तिथला कारकून जेवायला गेला होता, म्हणून ते आले होते. निदान त्यांनी तसं सांगितलं.

चांदसाहेबांनी वयाच्या सोळाव्या वर्षी माधवनगरला गिरणीच्या चाळींच्या दुरुस्तीवर पाट्या उचलल्या होत्या. आता एकाहत्तराव्या वर्षी विश्रामबागेत, माधवनगरात आणि मिरजेच्या रस्त्याला मिळून त्यांनी उभ्या केलेल्या तीसेक इमारती होत्या. शिवाय डायलिसिसची एक खोली, कब्रस्तानाची भिंत, दोन शाळांच्या पाण्याच्या टाक्या, आणि एक रुग्णवाहिका, जी लग्नाच्या वरातीत अडकली की तेच फोनवरून शिव्या घालून सोडवायचे. कुठेही स्वतःच्या नावाची पाटी लावू द्यायची नाही, हा त्यांचा हट्ट. त्यामुळे सांगलीत त्यांनी काय काय केलं याबद्दल जितकी माणसं तितकी माहिती होती.

त्यांनी आमटी-भात खाल्ला, सकाळची भाकरी मागून घेतली. सबीना समोर बसून पेपर तपासत होती.

"महांकाळच्या जागेवर स्लॅब टाकून झाला," ते म्हणाले. कवठे महांकाळला सगळे नुसतं महांकाळच म्हणतात. "सांगाडा उभा झाला. आता भिंती घ्यायच्या. काय करावं तिथं?"

"नईमला विचारा ना." नईम तिचा धाकटा भाऊ. गेली दहा-बारा वर्षं धंदा तोच बघत होता.

"नईमला विचारलं. आता तुला विचारतोय."

"मला काय कळतंय त्यातलं?" तिने मान वर न करता एका उत्तराला पाचपैकी दोन गुण दिले.

त्यांनी ताट बाजूला सारलं. "रविवारी ये. फक्की टाकून ठेवतो. चालून बघ, मग सांग."

फक्की म्हणजे मैदानावर रेघा मारायची ती पांढरी भुकटी. चांदसाहेबांची ही जुनी रीत होती. खांब आणि स्लॅब झाले, की भिंतींच्या जागी जमिनीवर फक्कीच्या रेघा मारायच्या, आणि घर घेणाऱ्या कुटुंबाला त्या रेघांमधून चालायला लावायचं. हे दार, इथून आत या. हा ओटा, इथं उभ्या राहा वहिनी, हात पुरतो का कपाटापर्यंत? ही खाट, आडवे व्हा बघू. चांगल्या कपड्यातली माणसं मुरमावर आडवी व्हायची, हसायची, आणि म्हणायची, दार जरा इकडे घ्या. मग आकाराम झाडूने रेघ पुसून नवी मारायचा. विटेला हात लावायचा तो त्यानंतर. कागदावरचा नकाशा फक्त नगरपालिकेला कळतो, असं चांदसाहेबांचं मत होतं.

"बघते," सबीना म्हणाली. "पेपर संपले तर येते."

चहा पिऊन ते निघाले. गाडीची काच खाली करून त्यांनी एवढंच म्हटलं, "रविवारी." तिने लाल पेन धरलेला हात हलवला. मग ती वर आली. चौदा पेपर उरले होते.

शुक्रवारी पहाटेची नमाज झाल्यावर चांदसाहेब विश्रामबागेतल्या बंगल्याच्या व्हरांड्यात खुर्चीत बसले. अम्मी, म्हणजे शमशाद, चहा घेऊन आल्या तेव्हा त्यांचा एक हात चप्पल शोधायला खाली गेलेला होता, आणि तो तसाच राहिला होता. कराड, इस्लामपूर मागे टाकत सबीना पोचली तोवर गुस्ल, म्हणजे शेवटची आंघोळ, होऊन कफन बांधलेलं होतं. जुम्याच्या नमाजेनंतर पुरुष त्यांना घेऊन गेले. बायका फाटकाच्या आत राहिल्या. त्यांच्यात बायका कब्रस्तानात जात नाहीत, हे सबीनाला जन्मापासून माहीत होतं, आणि आजवर त्याचं काही वाटलं नव्हतं. फाटकाचा गज धरून ती उभी राहिली, आणि गर्दीच्या डोक्यांवरून जाणारा जनाजा वळणावर दिसेनासा झाला. तिला फार रडूही आलं नाही. नुसतं काही समजत नव्हतं. रविवारी बोलावलं होतं त्यांनी.

तिसऱ्या दिवशी जियारतीची दुआ झाली आणि माणसं येऊ लागली.

पहिले आले मानसिंग, सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, महांकाळकडचे. ताठ बसून त्यांनी पाण्याचा पेला दोन्ही हातांत धरला. "ताईसाहेब, वेळ चुकीची हाय, पण बोलून जातो. आमच्या भागातली पोरं भरतीला जात्यात आन छातीत-उंचीत न्हाई, लेखी परीक्षेत पडत्यात. साहेबांनी ती इमारत त्या पोरांच्या तयारीसाठी द्यायचं ठरवलं हुतं. मला सोताला दाखवलं की. चाळीस पोरं कुठं झोपणार, जोडं कुठं काढणार."

दुसऱ्या दिवशी मशिदीतले मौलाना आले. त्यांनी दुआ केली, मग शांतपणे सांगितलं, की मरहूमांचा इरादा तिथं मुलींसाठी मदरसा आणि शाळा दोन्ही चालवण्याचा होता. वर्गखोल्यासुद्धा ठरल्या होत्या.

आणि त्यानंतर आली रंगुबाई. महांकाळच्या सरकारी दवाखान्याबाहेर बाळंतिणींच्या नातेवाइकांना भाकरी-आमटी करून विकणारी ही बाई. व्हरांड्यात खाली बसली, खुर्ची नको म्हणाली.

"पोरी, लांबनं येत्यात बायका, जतकडनं. सुनेला आत घेत्यात आन सासू भाईर झाडाखाली. साह्यब म्हनलं, त्यांच्यासाठी निवारा करू, तू रांध. चुलीपाशी उभी करून इच्यारलं मला, रंगुबाई, धूर कुनीकडनं जाईल?"

"कुठल्या चुलीपाशी, मावशी? तिथं अजून भिंतीसुद्धा नाहीत."

"व्हय की. भिंती कुठायत?" रंगुबाई म्हणाली, जणू त्यात काही अडचण नव्हती.

म्हातारीचं काहीतरी चुकतंय, असं सबीनाला वाटलं. मग वाटलं, सगळ्यांचंच चुकतंय. मग तिला एक नकोसा विचार आला, की अब्बांनीच तर सगळ्यांना खूश ठेवायला तोंडाला येईल ते सांगितलं नसेल? ज्या माणसाने आयुष्यात दिलेली तारीख चुकवली नाही, स्लॅबवरचं पाणी आटलं का हे बघायला जो ईदच्या दिवशी शिडी चढला, तो एकच इमारत तिघांना देऊन कसा गेला?

नईमला तिने हे विचारलं तेव्हा तो खुर्चीत मागे रेलला.

"आपा, मला म्हणाले होते कार्यालय करू. लग्नाचं. त्या रस्त्याला एकही धड कार्यालय नाही. वर्षभराचं भाडं आलं की डायलिसिसची खोली कुणापुढे हात न पसरता चालेल. हे मी म्हटलं, आणि ते म्हणाले, चांगलं आहे. माझ्यासमोर म्हणाले."

"म्हणजे चार झाले."

"चाळीसाव्या दिवशी दुआला सगळे येतील. त्या दिवशी एकदा जाहीर करून टाकू म्हणजे रोजची वर्दळ थांबेल. फक्त..." त्याने टेबलाच्या खणातून प्लास्टिकची पिशवी काढली. "फक्त हे बघ आधी."

आत खरेदीखत होतं. सहा वर्षांपूर्वीचं. प्लॉट घेणाऱ्याच्या नावापुढे लिहिलं होतं, सबीना चांदसाहेब पटवेगार. खाली तिची सही होती. तिचीच. तिला तो दिवस आठवला. मिरजेला कुणाच्या तरी लग्नाआधी अब्बांनी तिला अर्धा तास कचेरीत नेलं होतं, इथं कर, इथं कर, म्हणत बोट ठेवलं होतं, आणि तिला निकाह लागायच्या आत हॉलवर पोचायचं होतं. औषधाच्या पुडीवरचा मजकूरही वाचणाऱ्या बाईने तेवढे चार कागद वाचले नव्हते.

"तुला माहीत होतं?" तिने विचारलं.

"स्लॅबच्या वेळी कळलं. आणि आकाराम अडून बसलाय. म्हणतो, साहेबांनी सांगितलंय, भिंत ताईला विचारल्याशिवाय घ्यायची नाही." नईमने रिकामी पिशवी घडी करून ठेवली. "माझं काही म्हणणं नाही गं. तुझं आहे, तू सांग. पण सांग काहीतरी. माणसं थांबून आहेत. तू नाही सांगितलंस तर मला कार्यालयाचं काम धरावं लागेल, सांगाडा असा उघडा किती दिवस ठेवणार?"

त्याच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं, तिला धरायला काहीतरी मिळालं असतं.

अम्मी इद्दतीत होत्या. चार महिने दहा दिवस घराबाहेर पडायचं नव्हतं. त्यांच्या खोलीत सबीना जाऊन बसली.

"मलाच का, अम्मी?"

शमशाद तसबीचे मणी ओढत होत्या. "जावयाच्या घरी तुझं नाव नाही कशावर, म्हणून असेल. नाहीतर तो वकील म्हणाला असेल, मुलीच्या नावावर घ्या, म्हणून. मला काय सांगायचे ते? घरी येऊन भिंतींशी बोलायचे." मग त्या म्हणाल्या, "साताऱ्याला गेले त्या दिवशी नवा शर्ट घातला होता. मी म्हटलं, कचेरीला जाताय का नवरी बघायला. म्हणाले, सबीनाकडे जायचंय."

"कचेरीत काम होतं ना त्यांचं?"

"कसलं काम? सगळी कामं नईम करतो."

कादंबऱ्यांतली माणसं जातात तेव्हा मागे एखादं पत्र सापडतं, डायरी सापडते, निदान एखादा जुना मित्र येऊन खरं काय ते सांगून जातो. तिने रोज अब्बांचे खिसे बघितले. मोजपट्टी, सुपारीची डबी, दुसऱ्या कुणाच्या तरी चष्म्याची काडी. एवढंच.

तिला लहानपणचे रविवार आठवू लागले, आणि ते नकोसे होते. रविवारी अब्बा नईमला स्कूटरवर पुढे उभं करून साइटवर न्यायचे. पाच वर्षांचा नईम, हँडलला धरून, राजासारखा. तिसऱ्या मजल्याच्या गॅलरीत नऊ वर्षांची सबीना उभी. स्कूटर कोपऱ्यावर वळेपर्यंत ती उभीच राहायची, आणि अम्मीने हाक मारली की हातात पुस्तक घ्यायची, कारण पुस्तक हातात असलं की कुणी काही विचारत नसे. वाचायची आवड लागली ती अशी. पुढे घरात सगळे म्हणू लागले, सबीनाला धूळ नको, तिला पुस्तक द्या. पुढे ते खरंही झालं. पण आधी खरं नव्हतं. हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं, नवऱ्यालाही नाही. सांगण्यासारखं काय होतं त्यात? कुणी अडवलं नव्हतं तिला. तिने विचारलंच नव्हतं.

चाळीसाव्याच्या आधीच्या रविवारी तिने गाडी काढली आणि मिरजेवरून एकटीच महांकाळला गेली. फेब्रुवारीतली द्राक्षं उतरायला लागली होती. रस्त्याच्या पलीकडे बेदाण्याच्या शेडची हिरवी जाळी वाऱ्याने फडफडत होती आणि लांबच्या डोंगरावर पवनचक्क्या संथ फिरत होत्या. अठरा खांबांवर एक स्लॅब, खाली मुरमाचा भराव, बस. खांबाच्या सावलीत आकाराम उकिडवा बसला होता. गेली पस्तीस वर्षं तो अब्बांचा मुख्य गवंडी होता. तिला बघून तो उठला आणि टोपी काढून परत घातली.

"या ताई. चप्पल राहू द्या, खडं टोचत्यात."

ती आत गेली आणि थबकली. सगळी जमीन पांढऱ्या रेघांनी भरली होती. सरळ, आडव्या, एकीवरून दुसरी, चौकटीत चौकट, काही वाऱ्याने पुसट झालेल्या, काही पाण्याचा हात मारून बसवलेल्या. लहान पोराने पाटी न पुसता तिच्यावर पुन्हा पुन्हा लिहावं तसं.

"हे काय आहे, आकारामकाका?"

"आखण्या हायत. ह्या चार खोल्या मौलानांच्या. ही आडवी लांब रेघ मानसिंग सुभेदाराची, हितं पोरं झोपायची. साह्यबांनी सुभेदाराला आडवं व्हायला लावलं हुतं, टोपी पडली त्येंची. आन ही गोल दिसती न्हवं, ती रंगुबाईची चूल."

सबीना त्या गोलाजवळ गेली. वारा पश्चिमेकडून येत होता. धूर बेदाण्याच्या शेडकडे गेला असता.

"म्हणजे सगळ्यांना चालवलं."

"सगळ्यास्नी. नईमभाईंना बी. ती स्टेजची रेघ त्येंचीच. ज्यो येईल त्येला चालवायचं आन म्हणायचं, चांगलं हाय. मी म्हणलो, साह्यब, लय गिचमिड झाली, पुसू का जुन्या? तर म्हणले, राहू दे. पोरगी यायची हाय. तिला दिसू दे कोन कोन येऊन गेलं ते."

म्हणजे कुणीही खोटं बोललं नव्हतं. अब्बाही नाहीत. पण त्याने कोडं सुटलं नाही, उलट आणखी पसरलं.

"आणि माझी आखणी कुठली?"

"तुमची न्हाई टाकली." आकारामने कान खाजवला. "शनवारी टाकायची ठरली हुती. मी इच्यारलं, ताईंसाठी काय टाकायचं? मग म्हणले, मला तरी कुठं ठाऊक हाय रं. तिला कवा इच्यारलंच न्हाई."

पवनचक्कीचं एक पातं वर आलं, खाली गेलं. सबीनाच्या पिशवीतला फोन वाजला. नईम होता.

"काय ठरलं, आपा?"

"काही नाही ठरलं."

"मग चाळीसाव्याला काय सांगायचं?"

तिने रेघांकडे बघितलं. "बैठक बंगल्यावर नको. सगळ्यांना इथं बोलव. मौलाना, सुभेदार, रंगुबाई. आणि तूही ये. ज्याच्या त्याच्या रेघेवर उभे राहा, मग बघू कुणाला किती सरकता येतं."

"आणि कार्यालय?"

"तुझी रेघ आहे इथं. पुसलेली नाही."

नईम म्हणाला, "अब्बांसारखं बोलायला लागलीस," आणि फोन ठेवला. ही तक्रार होती की काय, ते तिला कळलं नाही.

"फक्की आहे का?" तिने आकारामला विचारलं.

त्याने कोपऱ्यातलं पोतं ओढून आणलं. "आधी दार टाकायचं, ताई. दार टाकल्याबिगर आत कसं येनार?"

तिने वाकून मूठ भरली. भुकटी वाटली होती त्यापेक्षा थंड होती. रस्त्याकडच्या दोन खांबांच्या मध्ये ती चालत गेली, मूठ सोडत. रेघ सुरुवातीला जाड पडली, मग बारीक झाली, आणि शेवटी वाकडी गेली.

"वाकडी झाली," ती म्हणाली.

"झाली," आकाराम म्हणाला. त्याने झाडू उचलला नाही.

सबीना रेघेच्या बाहेर जाऊन उभी राहिली, आणि मग दारातून आत आली, नीट, उंबरा ओलांडावा तशी. आत कुणी नव्हतं. तिचे तळहात पांढरे झाले होते आणि ते कुठे पुसावेत ते तिला सुचेना. शेवटी ती सर्वांत जवळच्या खांबापाशी गेली आणि बोटाची गाठ त्याच्यावर वाजवली. आवाज भरीव आला.

"अब्बा," ती म्हणाली. आकाराम पलीकडे वळला आणि पोत्याचं तोंड बांधू लागला.

"पेपर चौदाच राहिले होते. गुरुवारीच संपले. मी येणार होते की नाही, मला माहीत नाही." तिचा आवाज तिला अनोळखी वाटला, पण तिने तो खाली आणला नाही. "पण नईमला स्कूटरवर पुढे उभं करून न्यायचात ना, त्या प्रत्येक रविवारी मला यायचं होतं. धूळ मला चालली असती. मी कधी म्हटलं नाही. मला यायचं होतं, अब्बा."